जेथे देव वर्षत नाही : भुवनकोशातील हवामानाचा इतिहास

सर्ग, प्रतिसर्ग, वंश, मन्वंतर आणि वंशानुचरित ही पुराणांची पाच लक्षणे परंपरेने सांगितली आहेत, आणि भूगोलाचा त्यांत स्वतंत्र उल्लेख नाही. तरीही बहुतेक महापुराणांत पृथ्वीच्या रचनेचे एक मोठे प्रकरण आढळते आणि त्यास भुवनकोश, म्हणजे निरनिराळ्या लोकांचा व भूमींचा संग्रह, असे म्हणतात. विष्णुपुराणाचा दुसरा अंश, वायू, मत्स्य, ब्रह्मांड आणि मार्कंडेय या पुराणांतील संबंधित अध्याय, तसेच महाभारताच्या भीष्मपर्वात युद्धारंभापूर्वी संजयाने धृतराष्ट्राला ऐकवलेले जंबूखंडाचे वर्णन ही या प्रकरणाची मुख्य रूपे होत. आधुनिक अभ्यासकांनी या अध्यायांकडे बहुधा नद्या, पर्वत आणि जनपदे यांच्या नावांची खाण म्हणून पाहिले आणि कोणते नाव आजच्या कोणत्या स्थळाशी जुळते याचा शोध घेतला. त्या शोधाचे मोल मोठे आहेच, परंतु जी भूमी कोणत्याही स्थळाशी जुळत नाही, जिचे वर्णन निखळ कल्पनेतून झाले आहे, तिच्या हवामानाकडे मात्र पुरेसे लक्ष गेले नाही. वस्तुतः रचनाकारांनी आपल्या देशाविषयी जे उघडपणे कोठेही मांडले नाही, ते या कल्पित हवामानातच सर्वांत स्पष्टपणे सांगितले आहे.

भुवनकोशाची रचना थोडक्यात अशी. पृथ्वी कमळासारखी असून तिच्या मध्यभागी, कमळाच्या कर्णिकेच्या जागी, मेरू पर्वत उभा आहे. तो भूमीवर ८४,००० योजने उंच आणि भूमीखाली १६,००० योजने खोल आहे. त्याचा माथा ३२,००० योजने रुंद, तर पायथा १६,००० योजने, म्हणजे तो वर रुंद होत जाणारा पर्वत आहे. (योजनाचे माप ग्रंथागणिक बदलते, चार कोसांचे एक योजन हा सामान्यतः रूढ हिशेब होय.) मेरूभोवती एक लक्ष योजने विस्ताराचे जंबुद्वीप, त्याला वेढणारा खाऱ्या पाण्याचा समुद्र, मग प्लक्ष, शाल्मल, कुश, क्रौंच, शाक आणि पुष्कर ही एकापेक्षा एक दुप्पट मोठी वलयाकार द्वीपे, आणि त्यांच्यामधून उसाचा रस, मद्य, तूप, दही, दूध व गोडे पाणी यांचे समुद्र आहेत. या सर्वांच्या पलीकडे दहा हजार योजने उंचीचा लोकालोक पर्वत असून त्याच्या अलीकडच्या बाजूस उजेड आणि पलीकडे कायमचा अंधार आहे.

जंबुद्वीपाचे नऊ विभाग आहेत आणि त्या प्रत्येक विभागाला ‘वर्ष’ असे नाव आहे. मेरूच्या दक्षिणेस हरिवर्ष, किंपुरुषवर्ष आणि सर्वांत खाली भारतवर्ष. उत्तरेस रम्यक, हिरण्मय आणि उत्तरकुरू. पूर्वेस भद्राश्व, पश्चिमेस केतुमाल, आणि प्रत्यक्ष मेरूला वेढून बसलेले इलावृत. हा ‘वर्ष’ शब्द बारकाईने पाहण्यासारखा आहे. मराठीत तो केवळ बारा महिन्यांच्या काळासाठी उरला, परंतु संस्कृतात त्याचा पहिला अर्थ पाऊस असा आहे. वृष् या वर्षावाच्या धातूपासून तो सिद्ध झाला, एका पावसाळ्यापासून पुढच्या पावसाळ्यापर्यंतचा काळ म्हणून तो संवत्सराचा वाचक बनला, आणि पुढे तोच भूमीच्या विभागालाही लागू झाला. पाऊस, काळ आणि देश या तिन्ही गोष्टी एकाच शब्दाने ओळखणाऱ्या समाजाने जेव्हा नऊ वर्षांची कल्पना केली, तेव्हा त्यांपैकी आठ वर्षांत पाऊसच ठेवला नाही, ही या संपूर्ण रचनेतील सर्वांत विलक्षण गोष्ट होय.

विष्णुपुराणाच्या दुसऱ्या अंशाच्या दुसऱ्या अध्यायात हे विधान निःसंदिग्धपणे येते. किंपुरुषादी आठ वर्षांत शोक नाही, श्रम नाही, उद्वेग नाही, भुकेचे भय नाही. तेथील लोक दहा ते बारा हजार वर्षे जगतात. तेथे कृत, त्रेता इत्यादी युगांची कल्पनाच लागू होत नाही. आणि तेथे देव वर्षत नाही, तेथील पाणी भूमीतूनच मिळते. हे चारही गुण एकाच दमात सांगितले आहेत, आणि त्यांचा परस्परसंबंध समजून घेणे आवश्यक आहे. पाऊस नाही याचा अर्थ तो प्रदेश कोरडा आहे असा नाही. झरे आणि नद्या तेथे भरपूर आहेत. पाऊस नाही याचा अर्थ पावसाची वाट पाहणे नाही, पेरणी आणि कापणी नाही, चांगले व वाईट साल नाही, म्हणून उद्याची चिंता नाही, आणि उद्याची चिंता नसल्यामुळे काळ पुढे सरकतो याचे भानही नाही. पावसाबरोबर युगेही त्या आठ भूमींतून नाहीशी होतात, कारण ज्यांना काळ मोजण्याचे मूळ साधन पाऊस हेच होते त्यांच्या दृष्टीने जेथे पाऊस नाही तेथे मोजण्यासारखा काळही नाही.

इलावृताचे वर्णन याहून पुढे जाते. वायू आणि मत्स्य पुराणांनुसार त्या वर्षात सूर्य तापत नाही, चंद्र, सूर्य आणि नक्षत्रे तेथे प्रकाशत नाहीत, आणि माणसे म्हातारी होत नाहीत. तेथील रहिवाशांचे अन्न म्हणजे जांभळाचा रस. ज्या जंबूवृक्षावरून द्वीपाला नाव मिळाले त्याची हत्तीएवढाली फळे पर्वताच्या माथ्यावर पडून फुटतात, त्यांच्या रसाची नदी वाहते, तो रस पिणाऱ्याला घाम येत नाही, दुर्गंधी येत नाही, जरा येत नाही. आणि नदीकाठची माती त्या रसाने भिजून वाऱ्याने सुकली की तिचे सोने होते, ज्याला जांबूनद म्हणतात. घाम न येणे हा स्वर्गीय सुखाचा पहिला गुण म्हणून सांगावासा वाटणे, यातच या वर्णनाचे जन्मस्थान उघड होते. चैत्र-वैशाखाच्या उन्हात शेत नांगरणाऱ्या, ज्येष्ठात आभाळाकडे पाहणाऱ्या देशातच अशी कल्पना सुचू शकते.

उत्तरकुरूंची भूमी या सर्वांत अधिक प्रसिद्ध, आणि तिची कीर्ती वैदिक, बौद्ध आणि जैन अशा तिन्ही परंपरांत पसरली. महाभारतातील वर्णनाप्रमाणे तेथील भूमी बारीक सोनेरी वाळूची असून काही वृक्षांतून दूध स्रवते आणि काहींच्या फळांतून वस्त्रे व अलंकार निघतात. माणसे जुळ्यांच्या रूपाने जन्मतात, बरोबरच वाढतात, बरोबरच मरतात, आणि भारुंड नावाचे प्रचंड पक्षी त्यांचे देह उचलून दऱ्यांत टाकतात. पाली ग्रंथांतील उत्तरकुरूत नांगराविना, कोंड्याविना तयार तांदूळ उगवतो. रामायणाच्या किष्किंधाकांडात सुग्रीव वानरांना उत्तर दिशेची माहिती देताना या भूमीच्याही पलीकडच्या सोमगिरीचा उल्लेख करतो. तो प्रदेश सूर्यरहित असूनही त्या पर्वताच्या तेजाने सूर्य तळपत असल्यासारखा उजळलेला असतो. ग्रीक भूगोलकार टॉलेमी याने दुसऱ्या शतकात आपल्या ग्रंथात ‘ओटोरोकोरा’ या रूपाने या नावाची नोंद केली. उत्तरेच्या वाऱ्यापलीकडे राहणाऱ्या सुखी लोकांची कल्पना ग्रीकांतही होती आणि ते त्यांना हायपरबोरियन म्हणत, परंतु दोहोंत एक मूलभूत भेद आहे. ग्रीकांचे सुखी लोक थंड वाऱ्याच्या जाचातून सुटलेले आहेत, तर जंबुद्वीपातील आठ वर्षांचे लोक पावसाच्या अधीनतेतून सुटलेले आहेत. प्रत्येक समाज आपल्या कल्पित भूमीतून तोच ऋतू वगळतो ज्याच्यावर त्याचे जगणे टांगलेले असते.

पाऊस नसलेली स्थिती ही आरंभीची आणि पाऊस हे नंतरचे, असा क्रम पुराणांनी भारतवर्षासाठीही लावला आहे, आणि वायुपुराणाच्या आठव्या अध्यायात त्याचे तपशीलवार वर्णन येते. कृतयुगात माणसांना घर नव्हते, त्यांना शीत आणि उष्ण यांची बाधा होत नव्हती, ती इच्छेनुसार फिरत आणि पृथ्वीचा रस हेच त्यांचे पोषण होते. ती सिद्धी, म्हणजे आपोआप मिळणारी तृप्ती, कालांतराने नाहीशी झाली. मग पाण्याचे मेघ झाले आणि पहिला पाऊस पडला, त्या पावसाने वृक्ष उगवले आणि ते वृक्षच माणसांची घरे बनले. पुढे लोभाने ते वृक्षही गेले, शीत, वारा आणि ऊन ही द्वंद्वे माणसांना पीडू लागली, आणि त्यांनी झाडांच्या शाखांची रचना पाहून त्या नमुन्यावर घरे बांधली, म्हणून घराला शाला हे नाव पडले, अशी व्युत्पत्ती पुराण देते. भाषाशास्त्राच्या कसोटीला ती उतरो वा न उतरो, तिच्यामागील विचार मोलाचा आहे. हवामान ही निसर्गाची कायमची गोष्ट नसून तिला प्रारंभ आहे, आणि घर, गाव, शेती, मालकी यांचा सर्व इतिहास त्या प्रारंभानंतरचा आहे, असे हे पुराण सांगते. पहिल्या पावसाची ही कथा शापाची नाही. सिद्धी गेल्यावर जगण्यासाठी जे मिळाले ते पाऊस, आणि तोही एक दुसरी सिद्धी म्हणूनच आला.

येथूनच भारतवर्षाला कर्मभूमी आणि इतर आठ वर्षांना भोगभूमी का म्हटले, याचा उलगडा होतो. कर्मभूमी म्हणजे जेथे केलेल्या कृत्याचे फळ पुढे मिळते आणि जेथून स्वर्ग, मोक्ष किंवा अधोगती यांपैकी कोठेही जाता येते अशी भूमी. भोगभूमी म्हणजे जेथे पूर्वीच्या पुण्याचा केवळ उपभोग घेतला जातो. विष्णुपुराणात देवही भारतात जन्मणाऱ्यांना धन्य मानतात. पेरणी आणि फळ यांच्यामधील जो काळ शेतकरी पावसाच्या भरवशावर घालवतो, त्याच काळाचे तत्त्वज्ञानातील नाव कर्म असे आहे, असे म्हणण्यास हरकत नाही. ज्या भूमीत आकाशातून काही पडायचेच नाही तेथे पेरण्याला अर्थ नाही, आणि पेरण्याला अर्थ नाही तेथे पुण्यालाही नाही.

भारतवर्षातील पावसाची उपपत्ती पुराणकारांनी केवढ्या आस्थेने रचली हे पाहिले म्हणजे कल्पित भूमींतील त्याच्या अभावाचा अर्थ अधिक खुलतो. सूर्याच्या सहस्र किरणांपैकी चारशे पाऊस निर्माण करतात, तीनशे हिम आणि तीनशे उष्णता, असा हिशेब वायू व मत्स्य पुराणांत आहे. म्हणजे सूर्य हा मुख्यतः तापवणारा नसून वर्षवणारा आहे. विष्णुपुराण सांगते की सूर्य आठ महिने पृथ्वीवरील रस शोषून घेतो आणि चार महिने तो परत देतो. आठ आणि चार हे प्रमाण मोसमी वाऱ्यांच्या प्रदेशाबाहेर कोठेही सुचले नसते, आणि मनुस्मृतीने तेच प्रमाण राजाच्या करवसुलीला उपमा म्हणून वापरले आहे. मेघांचे तीन प्रकार सांगितले आहेत : उष्णतेने व बाष्पाने होणारे आग्नेय, ब्रह्मदेवाच्या निःश्वासातून झालेले ब्रह्मज, आणि इंद्राने पर्वतांचे पंख छाटले तेव्हा त्या पंखांपासून झालेले पक्षज. हे पक्षज मेघच पुष्करावर्तक नावाने ओळखले जातात, आणि कालिदासाचा मेघदूत त्याच कुळातला आहे.

सूर्य दिसत असताना, ढगांविना पडणारा पाऊस हा या विचारातील एक सुंदर अपवाद आहे. कृत्तिकादी विषम नक्षत्री असा पाऊस पडला तर ते आकाशगंगेचे पाणी असून दिग्गजांनी, म्हणजे दिशा तोलून धरणाऱ्या हत्तींनी, ते सोंडेने उधळलेले असते, असे विष्णुपुराण म्हणते. ही कल्पना केवळ काव्यात राहिली नाही. सुश्रुतसंहितेच्या सूत्रस्थानात आकाशातून पडणाऱ्या पाण्याचे गांग आणि सामुद्र असे भेद करून त्यांची परीक्षाही दिली आहे : साळीच्या भाताचा न आंबलेला, न करपलेला गोळा चांदीच्या भांड्यात घालून पावसात बाहेर ठेवावा, एक मुहूर्त, म्हणजे ४८ मिनिटे, लोटल्यावर तो जसाच्या तसा राहिला तर गांग पाऊस पडत आहे असे समजून ते पाणी साठवावे, आणि रंग बदलून तो ओशट झाला तर ते सामुद्र समजून टाळावे. गांग पाऊस बहुधा आश्विनात पडतो, असेही तेथे नोंदवले आहे. ज्येष्ठ-आषाढात धुळीने भरलेले आभाळ दोन-तीन महिन्यांच्या वर्षावाने धुतले गेल्यावर आश्विनातले पाणी निर्मळ असते, हा अनुभव आणि आकाशगंगेची कल्पना या दोहोंना येथे एकाच भांड्यात जागा मिळाली आहे.

असेच सूक्ष्म निरीक्षण समुद्राच्या भरती-ओहोटीविषयीही दिसते. अग्नीवर ठेवलेल्या थाळीतील पाणी जसे तापून फुगते, पण वाढत नाही, तसे चंद्राच्या वृद्धीबरोबर समुद्राचे पाणी फुगते. त्याचे चढणे-उतरणे ५१० अंगुळे असते, असे विष्णुपुराण सांगते. चोवीस अंगुळांचा एक हात धरला तर हे माप एकवीस हातांहून थोडे अधिक होते. तुपाच्या आणि दह्याच्या समुद्रांच्या ओळींतच हे माप येते, आणि म्हणून भुवनकोशाचे रचनाकार निरीक्षणाला पारखे होते हा आक्षेप टिकत नाही.

पाऊस हा भारतवर्षाच्या इतिहासाचा प्रारंभ असेल तर त्याचा शेवटही पावसानेच व्हावा, हे क्रमप्राप्त होते. सहस्र चतुर्युगांनंतर येणाऱ्या नैमित्तिक प्रलयाचे, म्हणजे ब्रह्मदेवाच्या एका दिवसाच्या अखेरीस होणाऱ्या संहाराचे, वर्णन विष्णुपुराणाच्या सहाव्या अंशात आहे आणि ते शंभर वर्षांच्या अवर्षणाने सुरू होते. सूर्याचे सात किरण सर्व पाणी पिऊन सात सूर्य बनतात, पृथ्वी जळून कासवाच्या पाठीसारखी दिसते, पाताळातून अग्नी उठतो, आणि मग आकाशात मेघ जमतात. त्या मेघांचे रंग पुराणकार अतिशय प्रेमाने सांगतो : कोणी निळ्या कमळासारखे, कोणी कुमुदासारखे पांढरे, कोणी धुरकट, कोणी पिवळे, कोणी लाखेच्या रंगाचे, कोणी काजळासारखे, कोणी मृगाच्या पावसात दिसणाऱ्या लाल मखमली किड्यासारखे, ज्याला संस्कृतात इंद्रगोप म्हणतात. ते शंभराहून अधिक वर्षे वर्षतात आणि त्यानंतर शंभर वर्षे वारा वाहतो. अवर्षण आणि अतिवृष्टी या शेतकऱ्याच्या दोन भयांचा येथे सर्वाधिक विस्तार झाला आहे, आणि तरीही मेघ आल्यावर वर्णनकर्त्याची लेखणी भयाऐवजी हर्षाकडे झुकते.

जैन परंपरेने हाच विचार अधिक काटेकोरपणे मांडला. तिच्या मते भरतक्षेत्रात काळाचे चक्र फिरत असून उतरत्या अर्धाला अवसर्पिणी आणि चढत्या अर्धाला उत्सर्पिणी म्हणतात; प्रत्येकाचे सहा आरे, म्हणजे चाकाचे भाग, असतात. पहिल्या आऱ्यात दहा प्रकारचे कल्पवृक्ष सर्व गरजा भागवतात. शेवटच्या, दुषमा-दुषमा नावाच्या २१,००० वर्षांच्या आऱ्याचे चित्र जंबुद्वीपप्रज्ञप्ती या आगमात येते आणि ते अंगावर काटा आणणारे आहे. धुळीची वादळे सुटतात, मेघ येतात पण त्यांतून खारे, आगीसारखे, विजेचे, विषारी पाणी पडते. दिवसा असह्य ऊन आणि रात्री असह्य थंडी असते. गंगा आणि सिंधू रथाच्या चाकोरीएवढ्या उरतात. हातभर उंचीची उरलीसुरली माणसे नदीकाठच्या ७२ बिळांत राहतात, सूर्योदय आणि सूर्यास्ताच्या सुमारास तेवढी बाहेर येतात, मासे आणि कासवे पकडून वाळूत पुरतात आणि उन्हा-थंडीने ते शिजल्यावर खातात. मग उत्सर्पिणीत एकामागून एक पाच मेघ प्रत्येकी सात दिवस वर्षतात : पुष्करसंवर्तक भूमीचा दाह शमवतो, क्षीरमेघ तिला वर्ण आणि गंध देतो, घृतमेघ स्निग्धता आणतो, अमृतमेघाने वनस्पती उगवतात आणि रसमेघाने त्यांत चव उतरते. बिळांतून बाहेर आलेली माणसे हिरवी झालेली पृथ्वी पाहून यापुढे मांस न खाण्याचा निश्चय करतात. हवामान सुधारते आणि त्यामागोमाग आचार सुधारतो, हा क्रम प्राचीन साहित्यात इतक्या स्पष्टपणे क्वचितच सांगितला गेला असेल.

या कल्पित पृथ्वीला पहिला शास्त्रीय प्रश्न परकीयांनी विचारला नाही. तो सिद्धांतकारांनी, म्हणजे गणिताने ग्रहगती ठरवणाऱ्या ज्योतिषांनी, विचारला. आर्यभटाने मेरू एक योजनाएवढाच ठरवून तो उत्तर ध्रुवावर नेऊन ठेवला. इ. स. ११५० मध्ये सिद्धांतशिरोमणी लिहिणाऱ्या भास्कराचार्यांनी गोलाध्यायात विचारले, की पृथ्वी आरशासारखी सपाट असेल तर तिच्यावरून फिरणारा सूर्य माणसांना सदैव का दिसू नये? परंतु त्यांनी भुवनकोश टाकून दिला नाही. तो त्यांनी गोलावर बसवला. जंबुद्वीप उत्तर गोलार्धात आणि इतर सहा द्वीपे व समुद्र दक्षिणेकडे, अशी त्यांची मांडणी आहे. ६६ अंशांपलीकडे सूर्य काही काळ मावळतच नाही आणि मेरूवर, म्हणजे ९० अंशांवर, सहा महिन्यांचा दिवस व सहा महिन्यांची रात्र असते, हे त्यांनी गणिताने सांगितले. तैत्तिरीय ब्राह्मणात संवत्सर हा देवांचा एक दिवस म्हटला आहे. त्या वचनाला सह्याद्रीच्या आसमंतात राहणाऱ्या, ध्रुवप्रदेश कधीही न पाहिलेल्या गणितज्ञाने निश्चित अक्षांश दिला, आणि ही घटना महाराष्ट्राच्या बौद्धिक इतिहासात आहे त्याहून मोठ्या मानाने सांगितली जावयास हवी.

पुराणे आणि सिद्धांत यांतील हा जुना तंटा एकोणिसाव्या शतकात पुन्हा उघडला गेला. २ फेब्रुवारी १८३५ च्या शिक्षणविषयक टिपणात मेकॉलेने काकवीच्या आणि लोण्याच्या समुद्रांचा भूगोल म्हणून भारतीय विद्येची हेटाळणी केली. त्याच्या शब्दांचा घाव खोल गेला, कारण ज्या परंपरेत भास्कराचार्य झाले तिचे एकच अंग घेऊन त्याने सर्वांवर निकाल दिला. पुढच्याच वर्षी, १८३६ मध्ये, भोपाळजवळच्या सिहोर येथे सुबाजी बापू यांनी ‘सिद्धांतशिरोमणिप्रकाश’ हा मराठी ग्रंथ लिहिला. तेथील पोलिटिकल एजंट लॅन्सलॉट विल्किन्सन यांचे त्याला प्रोत्साहन होते. पुराणांचा भूगोल, सिद्धांतांचा गोल आणि कोपर्निकसचे मत यांची तुलना करून, सिद्धांतांच्या पायरीवरूनच नव्या खगोलाकडे जाता येते, असे त्यात प्रतिपादन होते. विल्किन्सन यांनी केलेला गोलाध्यायाचा इंग्रजी अनुवाद पुढे सिहोरच्या पाठशाळेत शिकलेले महाराष्ट्रीय पंडित बापूदेवशास्त्री यांनी सुधारला आणि तो १८६१ मध्ये प्रसिद्ध झाला. दुधा-तुपाचे समुद्र या पंडितांनी निर्भयपणे नाकारले, पण ते मराठीत, आपल्याच ग्रंथांच्या आधारे आणि आपल्याच लोकांसाठी नाकारले.

कल्पित हवामानाला प्रत्यक्ष ठरवण्याचा सर्वांत मोठा प्रयत्न मात्र पुण्यातच झाला. लोकमान्य टिळकांनी १९०३ मध्ये ‘दि आर्क्टिक होम इन द वेदाज’ हा इंग्रजी ग्रंथ प्रसिद्ध केला आणि मेरूवरील सहा महिन्यांचा दिवस, वनपर्वात रात्रीलाही दिवसासारखे उजळणारे मेरूचे तेज, वेदांतील दीर्घ उषा आणि पारशी वेंदिदादमधील दहा महिने हिवाळा व दोन महिने उन्हाळा असलेली आर्यांची भूमी हे सर्व उल्लेख एकत्र करून असे मांडले, की वैदिक आर्यांचे पूर्वज एकेकाळी ध्रुवप्रदेशात राहत होते, तेव्हा तेथे नित्य वसंतासारखे सौम्य हवामान होते, आणि हिमयुगाच्या आगमनाने त्यांना ती भूमी सोडावी लागली. मेरूचे तेज म्हणजे ध्रुवप्रकाश असावा, ही त्यांची सूचना आजही वाचकाला थबकवते. तथापि, ज्या भूगर्भशास्त्रीय कालगणनेवर हा सिद्धांत उभा होता ती पुढे बदलली. शेवटचा उबदार आंतरहिम काळ सुमारे १,१५,००० वर्षांपूर्वी संपला असे आता मानले जाते, आणि टिळकांनी ज्या सहस्रकांत सुखद ध्रुवप्रदेश कल्पिला त्या सहस्रकांत उत्तरेचा मोठा भाग बर्फाखाली होता. सिद्धांत टिकला नाही. परंतु पुराणातील हवामानाचा एकेक शब्द साक्षीदारासारखा उभा करून तपासण्याची जी पद्धत टिळकांनी वापरली, तिच्याइतके गंभीर वाचन त्या वर्णनांना पूर्वी क्वचितच लाभले होते. त्यांच्याकडून एकच गोष्ट निसटली, आणि ती पावसाची. मेरूच्या परिसरातील प्रकाश आणि अंधार त्यांनी मोजला, पण त्या भूमींत देव वर्षत नाही हे वचन त्यांच्या युक्तिवादाच्या मध्यभागी कधी आले नाही. ते वचन ध्रुवाच्या आठवणीतून आलेले नाही, तर मोसमी पावसाच्या देशातील माणसाच्या मनातून आलेले आहे.

भुवनकोशाचा भूगोल शाळांतून गेला, तरी त्याचे हवामान व्यवहारातून पूर्णपणे गेले नाही. कृषिपराशर या शेतीविषयक संस्कृत ग्रंथात आवर्त, संवर्त, पुष्कर आणि द्रोण अशी चार मेघांची नावे आहेत. शकवर्षात तीन मिळवून चाराने भागावे आणि जी बाकी उरेल तीवरून त्या वर्षाचा मेघ ओळखावा, असा त्याचा नियम आहे. आवर्तात पाऊस एखाद्याच भागात पडतो, संवर्तात सर्वत्र, पुष्करात पाणी दुर्मीळ होते आणि द्रोणात विपुल. पर्वतांच्या पंखांपासून झालेले, कल्पांती जमणारे मेघ असे भागाकाराच्या बाकीत येऊन शेतकऱ्याच्या हाताला लागले. मराठी पंचांगांत मृगापासून प्रत्येक पर्जन्यनक्षत्राचे वाहन दिलेले असते, आणि बेडूक, म्हैस, मोर किंवा कोल्हा यांपैकी कोणते वाहन आले यावरून पावसाचा अंदाज बांधण्याची रीत गावोगाव चालत आली आहे.

या भूगोलाचा सर्वांत चिवट अवशेष मात्र संकल्पात आहे. कोणत्याही पूजेच्या आरंभी पाणी हातात घेऊन यजमान स्थळ आणि काळ उच्चारतो. जंबुद्वीप, भरतवर्ष, भरतखंड अशा क्रमाने उतरत तो दंडकारण्यापर्यंत आणि गोदावरीच्या ज्या तीरावर आपण आहोत त्या तीरापर्यंत येतो, आणि मग शालिवाहन शक, संवत्सर, अयन, ऋतू, मास, पक्ष आणि तिथी सांगतो. या यादीतील ऋतू हा शब्द उच्चारताना तो नकळत एक भौगोलिक विधानही करीत असतो, कारण भुवनकोशाच्या हिशेबाने इलावृतातील किंवा उत्तरकुरूंतील कोणाही रहिवाशाला हा संकल्प पुरा म्हणता आला नसता. त्याच्या भूमीत ऋतूचे नाव घेण्याच्या जागी उच्चारायला काहीच नाही.